मालिकेतली वर्षं वाया जातात की कामी येतात? (निमित्त: मृणाल ठाकूर)

तापीकाठी
मृणाल ठाकूरचं नाव निघालं की मंडळी थेट ‘सीता रामम्’पासून सुरुवात करतात. फार झालं तर ‘सुपर ३०’. त्याआधीचं कुणी विचारतच नाही. आम्हा खान्देशवाल्यांना तिचं जरा जास्त कौतुक, कारण जन्म धुळ्याचा आणि शाळेची काही वर्षं जळगावात. माझ्या सासूबाईंच्या लेखी ती अजूनही ‘बुलबुल’ आहे आणि बुलबुलच राहील.

थोडी उजळणी करते. मुंबईत मास मीडिया शिकता शिकता २०१२ मध्ये तिला स्टार प्लसवरची ‘मुझसे कुछ कहती... ये खामोशियाँ’ मिळाली. त्यात ती गौरी भोसले. ती मालिका फार काळ चालली नाही. मग एप्रिल २०१४ मध्ये झी टीव्हीवर ‘कुमकुम भाग्य’ सुरू झाली आणि त्यातली नायिकेची धाकटी बहीण बुलबुल घराघरांत पोचली. त्याच वर्षी तिचे तीन मराठी सिनेमेही आले: ‘हॅलो नंदन’, ‘विटी दांडू’ आणि ‘सुराज्य’. थिएटरात जाऊन कुणीकुणी पाहिले, हात वर करा बरं. २०१६ च्या सुरुवातीला तिने ‘कुमकुम भाग्य’ सोडली, तीही मालिका ऐन भरात असताना. त्यानंतर ‘लव्ह सोनिया’, जो आपल्याकडे लागला सप्टेंबर २०१८ मध्ये. पुढे २०१९ च्या जुलैत ‘सुपर ३०’, ऑगस्टात ‘बाटला हाऊस’, आणि तिथून गाडी सुटली ती सुटलीच.

आमच्या घरात यावरून दोन तट आहेत. मी म्हणते, मालिकेतल्या त्या वर्षांनीच तिला घडवलं. रोज कॅमेऱ्यासमोर उभं राहिल्याशिवाय ‘लव्ह सोनिया’सारखा सिनेमा नवख्या मुलीला एकटीने पेलत नाही. नवऱ्याचं म्हणणं, मालिकेने अभिनयाचं वाटोळंच होतं आणि ही त्यातून वाचली, कारण वेळेत पळाली. तुम्हाला काय वाटतं? ज्यांनी या लाइनीत काम केलंय त्यांनी जरूर लिहा. तिचं खासगी आयुष्य कृपया नको, त्यासाठी बाकी इंटरनेट मोकळं आहे.

अर्धवट_पुणेकर
पहिला! आता वाचतो.

अर्धवट_पुणेकर
वाचलं. आम्ही मालिका बघत नाही. आई बघते. आम्ही फक्त तिच्या शेजारी बसून मोबाईल बघतो आणि मधूनच ‘ही कालपर्यंत हॉस्पिटलात होती ना?’ असं विचारतो.

मोगरा_मावशी
पुणेकर, यालाच मालिका बघणं म्हणतात.

तापीकाठी, मी तुमच्या यजमानांच्या बाजूने. डेली सोपमध्ये अभिनय नसतो, चेहरे असतात. कुणीतरी दारात उभं राहतं, मग सगळ्यांचे चेहरे एकेक करून तीन-तीनदा दाखवतात, मागे ढोल. यातून कुठलीही मुलगी काय शिकणार? डोळे मोठे करायला? ‘लव्ह सोनिया’त मला ती आवडली ती नेमकी न बोलता बसलेल्या जागांमध्ये. त्या जागा तिला मालिकेने शिकवल्या असं मला कुणी पटवून द्या.

साउंडवाला
मी साउंडला आहे, हिंदी-मराठी दोन्हीकडे मालिका केल्यात. नावं घेणार नाही, पोट त्यावरच चालतं. मृणालबरोबर कधी काम केलेलं नाही, त्यामुळे हे तिच्याबद्दल नाही, त्या जागेवर बसणाऱ्या कुठल्याही मुलीबद्दल आहे.

नऊचा कॉल म्हणजे तिच्यासाठी सात-साडेसातचा. केस, मेकअप, साडी. तोपर्यंत सीनचे कागद आलेलेच नसतात. लेखकाने लिहिलेलं चॅनलकडे जातं, तिथला ईपी, म्हणजे एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर, चार गोष्टी बदलायला सांगतो, मग परत. कागद येतात तेव्हा फ्लोअरवर लाइट लागलेले असतात. मुलगी खुर्चीत बसलेली, एक जण केसांत पिना खोचतोय, मी लेपल (कपड्यांना लावायचा छोटा माइक) हेअरड्रेसर ताईंच्या हातात देऊन बाजूला उभा, आणि एक असिस्टंट मोठ्याने सीन वाचून दाखवतोय. दीड पान. ती डोळे मिटून ऐकते, दोनदा पुटपुटते आणि फ्लोअरवर जाते. पाठ! मला सुरुवातीला वाटायचं ही जादू आहे. नंतर कळलं, सहा महिन्यांत जवळजवळ सगळ्यांना जमतं.

टेकच्या वेळी एसी बंद, पंखे बंद, नाहीतर माझ्या हेडफोनमध्ये घरघर. अंगावर सहावारी, दागिने, वरून लाइट. नवीन मुलीला मला सारखं सांगावं लागतं, ‘मॅडम, बांगड्या.’ कारण प्रत्येक वाक्यावर हात हलतो आणि संवादावर किणकिण येते. मुरलेली मुलगी आपणहून बांगड्यांना आतून पारदर्शक टेप लावून घेते, आणि हात नेमका समोरच्याचं वाक्य संपल्यावर हलवते. हे तिला कुठल्याही शाळेत शिकवलेलं नसतं.

मोगराताईंचं म्हणणं मात्र अर्धं खरं आहे. मालिकेत एक वाईट सवय लागते: वाक्य संपलं तरी चेहरा धरून ठेवायचा. एडिटरला तिथे म्युझिक टाकायला जागा हवी असते, आणि शेवटच्या सीनला तर हुक (उद्याचा भाग बघायला लावणारा धक्का) लागतोच. हीच मुलगी सिनेमात गेली की पहिले काही दिवस दिग्दर्शक ‘छोड़ दो, छोड़ दो’ म्हणत बसतो.

नाटकवेडी
बांगड्यांची टेप! प्रतिसाद जपून ठेवण्यासारखा.

गिरगावकर_काका
तुम्ही आजकालची मंडळी ‘टीव्हीवरून सिनेमात’ म्हणजे फार नवलाची गोष्ट असल्यासारखं बोलता. २ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं. त्यानंतर थोड्याच काळात एक सावळी, मोठ्या डोळ्यांची मुलगी तिथे मराठी बातम्या द्यायला लागली. स्मिता पाटील. घाईघाईत जीन्सवरच साडी गुंडाळून ती कॅमेऱ्यासमोर बसायची हा किस्सा आमच्या पिढीतल्या प्रत्येकाने ऐकलेला आहे. चित्र कृष्णधवल, खोक्यावर बाबांनी दर रविवारी फडका मारायचा, आणि आजूबाजूच्या तीन बिऱ्हाडांतली माणसं आमच्याकडे. बातम्या कुणी ऐकत होतं का, शंका आहे.

पुढचं बघा. १९७४ मध्ये अरुण खोपकरांची फिल्म इन्स्टिट्यूटमधली डिप्लोमा फिल्म, ‘तीव्र मध्यम’. १९७५ मध्ये श्याम बेनेगलांचा मुलांसाठीचा ‘चरणदास चोर’ आणि त्याच वर्षी ‘निशांत’. ७६ ला ‘मंथन’, ज्याला गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये घालून पैसा उभा केला. ७७ ला हंसा वाडकरांच्या आत्मचरित्रावरचा ‘भूमिका’ आणि राष्ट्रीय पुरस्कार. त्याच साली आपला ‘जैत रे जैत’. तेव्हा वय किती? बावीस! आणि तापीकाठी, तुमच्यासाठी खास: तिचे वडील शिवाजीराव पाटील शिरपूरचे. धुळे जिल्हाच.

मग सांगा, तिला कोणत्या मालिकेने घडवलं?

तापीकाठी
काका, शिरपूरचं आम्हाला पाठ आहे हो. :)

मोगरा_मावशी
काका, आदर ठेवूनच सांगते, ही तुलना जुळत नाही. बातम्या दिवसातून एकदा, दहा-पंधरा मिनिटं. तिथे ती स्मिता पाटीलच होती, कुणाची धाकटी बहीण नव्हती. शिवाय तेव्हा एकच वाहिनी. टीआरपी नाही, ट्रॅक बदलणं नाही, कथा एकदम काही वर्षं पुढे नेणारा लीप नाही. आणि बेनेगल रस्त्यावर पडलेले नसतात. त्या वेळी समांतर सिनेमाची एक लाटच होती. आज धुळ्याहून, जळगावहून आलेल्या मुलीसमोर कोण आहे? अंधेरीच्या आराम नगरमध्ये ऑडिशनची रांग आहे.

गिरगावकर_काका
बेनेगल रस्त्यावर पडलेले नव्हते हे मान्य. बाकी मान्य नाही. कॅमेऱ्यात थेट बघून न अडखळता बोलणं ही काय सोपी गोष्ट आहे?

ह्यूस्टनची_शेजारीण
काकांच्या प्रतिसादावरून एक जोड. ‘बाटला हाऊस’मध्ये मृणाल नायकाच्या बायकोचं काम करते, आणि ती बायको आहे टीव्हीवरची वृत्तनिवेदिका. मास मीडिया शिकायला आलेली मुलगी शेवटी बातम्या द्यायला बसली, तीही सिनेमात.

आम्ही इथे ‘कुमकुम भाग्य’ पहिल्या भागापासून बघायचो. मूळ कल्पना जेन ऑस्टिनच्या दोन बहिणींच्या कादंबरीवरची, असं तेव्हा गाजावाजा करून सांगितलं होतं. एक बहीण विचारी, एक भावनाप्रधान. आमच्या बुक क्लबातल्या एका बाईंनी मोठ्या उत्साहाने बघायला घेतली. त्यांना आठवड्याभरातच विचारावं लागलं की मालिकेतला हा रॉकस्टार नायक कादंबरीत कुठल्या पानावर येतो.

पण बुलबुल तिथे खरंच छान होती. थोरली प्रज्ञा सोशिक, चष्मा लावणारी, सगळं पोटात ठेवणारी. त्यामुळे सगळी भांडणं, सगळी थट्टा, सगळं धावणं-पळणं बुलबुलच्या वाट्याला. माझ्या मते धाकट्या बहिणीचं काम मिळालं हे मृणालचं नशीब. मुख्य नायिकेला मालिकेत हसायलाही फुरसत नसते.

अर्धवट_पुणेकर
आईला विचारलं. ती म्हणाली, बुलबुल बरी होती, नंतर दुसरीच मुलगी आणून बसवली, मग तिलाही घालवलं. एवढं बोलून म्हणाली, ‘तुला कशाला पंचायती, तू मोबाईल बघ.’

निशाचर
या चर्चेत एक गफलत होतेय. आपण पोचलेल्यांचीच नावं घेऊन रस्ता चांगला की वाईट हे ठरवतोय.

पोचलेल्यांची यादी लांबलचक आहे. विद्या बालन १९९५ च्या ‘हम पाँच’मध्ये होती, तिचा पहिला हिंदी सिनेमा आला २००५ मध्ये. मधली दहा वर्षं मोजा. त्यात रखडलेला मल्याळम सिनेमा, जाहिराती, एक बंगाली सिनेमा. प्राची देसाई ‘कसम से’मधून उठून २००८ ला ‘रॉक ऑन’मध्ये गेली. यामी गौतम आधी मालिकांत होती, २०१२ ला ‘विकी डोनर’. आता उलटं बघा. ‘पवित्र रिश्ता’ची अर्चना, अंकिता लोखंडे. २००९ पासून काही वर्षं देशभर तिच्याइतकी ओळखीची मराठी मुलगी दुसरी नव्हती. पहिला मोठा सिनेमा, ‘मणिकर्णिका’, २०१९ ला. आणि ज्या मुली अर्चनाच्या, बुलबुलच्या मैत्रिणी झाल्या, चहाचा ट्रे घेऊन आल्या, त्यांची तर नावंही आपल्याला माहीत नाहीत. खरं उत्तर त्यांना विचारायला हवं.

नाटकवेडी
निशाचर, शंभर टक्के. पण मराठीत एक तिसरा रस्ताही आहे, तो विसरू नका. आधी नाटक. पुरुषोत्तम, फिरोदिया, राज्य नाट्य अशा स्पर्धा, मग प्रायोगिक रंगभूमी, आणि मग मालिका, ती पोटासाठी. अमृता सुभाष एनएसडीतून (दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून) आली, २००४ मध्ये ‘श्वास’ येऊन गाजला आणि त्यानंतर तिने ‘अवघाचि संसार’ केली. मुक्ता बर्वेचा ‘जोगवा’ २००९ चा, ‘मुंबई-पुणे-मुंबई’ २०१० चा, आणि ‘एका लग्नाची दुसरी गोष्ट’ ही मालिका त्यानंतरची. म्हणजे सिनेमात नाव झाल्यावर या मालिका. या बायकांना मालिकेने बिघडवलं नाही, कारण चेहरा धरून ठेवायचा की सोडायचा हे ठरवणं त्यांच्या हातात होतं. तालमीत ते शिकून झालेलं होतं.

मृणालकडे तो पाया नव्हता. ती थेट कॅमेऱ्यापुढे शिकली, म्हणून मला तिचं उलट जास्त कौतुक वाटतं.

गिरगावकर_काका
फिरोदियाचं नाव निघालं की मला आमचा पुतण्या आठवतो. तीन महिने अभ्यास नाही, रात्री दोनला घरी, आणि शेवटी स्टेजवर काम काय, तर झाड. पण झाड उत्तम केलं.

कसारा_लोकल
इतके दिवस नुसती वाचत होते, आज लिहावंसं वाटलं. माझी भाची बीएच्या दुसऱ्या वर्षाला आहे. कॉलेजच्या एकांकिकेत तिला कुणीतरी पाहिलं आणि एका हिंदी मालिकेत नायकाच्या बहिणीच्या कामासाठी बोलावलं. लुक टेस्ट झाली. घरात नुसता धुमाकूळ आहे. आई म्हणते आधी डिग्री, बाबा म्हणतात जाऊ दे, संधी परत येत नाही, आणि पोरगी मृणालचेच व्हिडिओ आम्हाला दाखवते. ‘बघ मावशी, हिनेपण असंच सुरू केलं.’ आता तिला काय सांगू?

साउंडवाला
ताई, पहिलं म्हणजे घाबरू नका. दुसरं, पुढचं सगळं शांतपणे विचारून घ्या.

महिन्याला किती दिवस काम, हे लिहून मागा. बहिणीच्या पात्राला मुख्य कुटुंबाच्या सीनमध्ये नुसतं उभं राहायला दिवसभर बसवतात. पैसे दिवसावर असतात. हिंदीत पैसे साधारण नव्वद दिवसांनी हातात पडतात, म्हणजे पहिले तीन महिने खर्च घरूनच. तेव्हा तिने नोकरी लागल्यासारखं वागू नये. माझ्या ओळखीतल्या एका मुलीने लगेच मालाडला भाड्याने घर घेतलं. पैसे यायच्या आत मालिका बंद पडली. तिचे तीन महिन्यांचे पैसे एका निर्मात्याने कितीतरी महिने रखडवले. शेवटी कलाकारांच्या असोसिएशनमध्ये तक्रार केल्यावर हप्त्याहप्त्याने मिळाले.

कसाऱ्याहून रोज गोरेगाव किंवा मढला जाणार असेल तर तेही विचारात घ्या. शिफ्ट बारा तासांची म्हणतात, पण त्यात तुमचा प्रवास नसतो. रात्री सोडायला गाडी आहे का, हे आजच विचारा, लाजू नका.

वकीलीण_बाई
साउंडवाला यांच्या मुद्द्यांना पुस्ती. करारात तीन गोष्टी वाचाच. मालिका चालू असताना बाहेरचं काम करता येतं का? सोडायचं असेल तर नोटीस किती आणि दंड आहे का? आणि कॉलेजच्या परीक्षेच्या तारखांना सुट्टी मिळेल का? हा शेवटचा मुद्दा करारात आपोआप कधीच नसतो, घालून घ्यावा लागतो. मुलगी अठराच्या वर असेल तर सही तीच करणार, म्हणून वाचायचं पण तिनेच. बाबांनी वाचून ‘कर सही’ म्हणायचं नाही.

२०१४ मध्ये मृणालचे तीन मराठी सिनेमे आले आणि मालिकाही चालू होती. ती कामं कधी कशी केली असतील ते तिला ठाऊक, पण सगळ्याच करारांत एवढी मोकळीक मिळत नाही.

गिरगावकर_काका
आमच्या वेळी करार-बिरार काही नव्हतं.

मोगरा_मावशी
काका, म्हणूनच तुमच्या वेळच्या किती नट्यांचे हाल झाले हेही सांगा मग. तुम्ही नाव घेतलेल्या हंसाबाईंचं आत्मचरित्र पुन्हा एकदा वाचा.

गिरगावकर_काका
वाचलंय. आत्ता गप्प बसतो.

टीआरपी_बाबा
पण मृणालचं त्या अमक्या हीरोबरोबर

संपादक
वरील प्रतिसादातला उरलेला भाग काढून टाकला आहे. धाग्यातच विनंती केलेली आहे, कृपया पाळा.

अर्धवट_पुणेकर
संपादकांनी नेमक्या हुक पॉइंटवर एपिसोड कापला.

पडवीतला
सगळा धागा एका दमात वाचला. मूळ प्रश्नाकडे येतो.

तापीकाठी, तुम्ही आणि तुमचे यजमान दोघंही मालिकेतल्या वर्षांबद्दल बोलताय. मला त्यानंतरचा मोकळा काळ जास्त महत्त्वाचा वाटतो. तिने २०१६ च्या सुरुवातीला मालिका सोडली. ‘लव्ह सोनिया’ इथे लागला १४ सप्टेंबर २०१८ ला. म्हणजे अडीच वर्षांहून जास्त काळ, टीव्ही बघणाऱ्या माणसाच्या दृष्टीने, ही मुलगी गायब. मालिकेतली प्रसिद्धी रोज संध्याकाळी नव्याने मिळते आणि थांबली की दोन-तीन महिन्यांत लोक विसरतात. दर महिन्याचा पैसा बंद. बाजारात विचारणारा प्रत्येक जण म्हणणार, ‘टीव्हीचा चेहरा आहे, लोक फुकट बघतात, तिकीट कशाला काढतील?’ हे वाक्य या धंद्यात किती सहज फेकलं जातं ते साउंडवाला सांगतीलच. अशा वेळी दुसऱ्या मालिकेला हो न म्हणणं, हा मला तिच्या सुरुवातीच्या काळातला सगळ्यात धाडसी निर्णय वाटतो. मालिका मिळवणं अनेकींना जमतं. सोडून रिकामं बसणं फार थोड्यांना परवडतं, आणि ‘परवडतं’ हा शब्द मी अगदी पैशाच्या अर्थानेच वापरतोय. घरी नोकरी करणारे वडील असणं आणि दर महिन्याला घरी पैसे पाठवावे लागणं, यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. निशाचर ज्यांच्याबद्दल म्हणतात त्या ट्रे घेऊन येणाऱ्या मुलींपैकी कितीतरी जणी दुसऱ्या गटातल्या असणार.

आणि सोडून केलं काय? त्या सिनेमात कर्जबाजारी शेतकरी बाप एका मुलीला विकतो, आणि तिची बहीण तिला शोधत मुंबईच्या कुंटणखान्यात पोचते, तिथून हाँगकाँग, तिथून लॉस एंजेलिस. सोबत मनोज बाजपेयी, रिचा चढ्ढा, आपली सई ताम्हणकर, शिवाय डेमी मूर. प्रत्येक जण थोडा वेळ येऊन सीन खाऊन जाणार अशी मंडळी. बाकी सगळा सिनेमा या मुलीच्या चेहऱ्यावर. शोभेचं काम घेऊन सुरुवात करायची वाट सोपी होती. तिने ती घेतली नाही, निदान पहिल्या हिंदी सिनेमात तरी नाही.

ह्यूस्टनची_शेजारीण
आता तुम्ही लिहिल्यावर लक्षात आलं! मालिकेतही बहिणी, सिनेमातही बहिणी. तिथे थोरलीसाठी धावणारी धाकटी, इथेही बहिणीसाठीच धावणारी बहीण.

मोगरा_मावशी
पडवीतला, प्रतिसाद आवडला. पण शोभेच्या कामांचं म्हणाल तर ‘सुपर ३०’ काय होतं? हृतिकच्या सिनेमात तिला पंधरा-वीस मिनिटं असतील नसतील. ‘लव्ह सोनिया’ केलेल्या मुलीला लगेच पुढच्या वर्षी हे?

पडवीतला
खरंय. पण ‘लव्ह सोनिया’ किती लोकांनी थिएटरात पाहिला? ‘सुपर ३०’ सगळ्यांनी. कामाचं नाणं एका सिनेमाने पाडलं, चलनात आणलं दुसऱ्याने.

साउंडवाला
‘टीव्हीचा चेहरा’ हे वाक्य मी स्वतः ऐकलंय, अगदी चांगल्या मुलीबद्दल, ती पलीकडे पाणी पीत उभी असताना. मराठीत हे कमी आहे. आपल्याकडे मालिका, नाटक, सिनेमा तिन्ही एकाच वेळी करणारे किती तरी आहेत आणि कुणाला त्यात काही वाटत नाही. हिंदीत भिंत आहे. आता वेब सिरीजमुळे ती थोडी खचली आहे. तिच्या स्वतःच्या बाबतीत बघा ना, ‘तूफान’ आणि ‘धमाका’ २०२१ मध्ये थेट घरच्या पडद्यावरच आले.

मोगराताई, तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर द्यायचं राहिलं होतं. न बोलता बसलेल्या जागा मालिकेने शिकवल्या का? मालिकेत बोलणारा एक असतो आणि ऐकणारे आठ. त्या आठांत तुम्ही तासन् तास उभे. काही जणी त्या वेळात मनात किराण्याची यादी करतात, आणि ते कॅमेऱ्यात दिसतं. काही जणी खरंच ऐकतात. बूम (लांब दांडीचा माइक) धरून मी समोरच उभा असतो, मला स्वच्छ कळतं कोण ऐकतंय. ऐकण्याची ही सवय ज्यांना लागते त्या पुढे कुठेही गेल्या तरी तरतात.

मोगरा_मावशी
हे पटलं. पूर्ण नाही, पण बरंच.

नाटकवेडी
आणखी एक बाजू. ‘सीता रामम्’मध्ये तेलुगूत तिचा आवाज गायिका चिन्मयीचा आहे. म्हणजे ज्या सिनेमाने तिला दक्षिणेत घराघरांत नेलं, तिथे संवाद तिच्या आवाजात नाहीत. जे लोकांना भिडलं ते सगळं डोळे, मान, चालणं, थांबणं. आता साउंडवाला यांचं ऐकण्याबद्दलचं म्हणणं यावर लावून बघा.

निशाचर
आमचा साउंडवाला इथे बेरोजगार झाला.

साउंडवाला
डबिंगलाही साउंडवाला लागतो हो. :)

तापीकाठी
बाप रे, केवढा वाढला धागा. पडवीतला यांचा प्रतिसाद नवऱ्याला मोठ्याने वाचून दाखवला. तो म्हणाला, ‘बघ, मी तेच म्हणत होतो, वेळेत पळाली.’ मी म्हटलं, पळायला आधी तिथे असावं लागतं. वाद मिटलेला नाही, पण आज रात्री ‘विटी दांडू’ बघायचा असं ठरलंय, कारण दिलीप प्रभावळकर दोघांनाही चालतात.

गिरगावकर_काका
विटीदांडूवरून आठवलं, आमच्या चाळीत

मोगरा_मावशी
काका, नवा धागा काढा.

कसारा_लोकल
सगळ्यांचे मनापासून आभार. भाचीला हा धागाच वाचायला दिला. बांगड्यांचा प्रतिसाद तिने दोनदा वाचला आणि नव्वद दिवसांचा तिच्या आईने. काल तिने स्वतः फोन करून गाडीचं आणि परीक्षेचं विचारलं. गाडी मिळेल म्हणाले, ठाणे स्टेशनपर्यंत. परीक्षेचं म्हणाले, ‘हो जाएगा, टेन्शन मत लो.’

वकीलीण_बाई
‘हो जाएगा’ करारात कुठल्या कलमाखाली येतं ते विचारा. तारखा कॉलेजच्या पत्रासह मेलवर पाठवा, त्यांचं उत्तर मेलवरच घ्या, आणि तोवर सही थांबवा.